टिनावरचा डावा ग्लोव्ह

"ताई, तुम्ही ग्लोव्हजवर थुंकता कशाला?"

विचारलं एकदाचं! चिन्मयीचे कान लाल झाले. पाण्याच्या कॅनआड नूपुर आणि ऋषी पोट धरून हसत होते. पैज त्यांचीच होती: गोलकीपरला हे विचारून दाखव, नाहीतर सुट्टीभर आमच्या सायकली पूस!

बाहेर गेलेले चेंडू आणून द्यायचं काम या सुट्टीत तिघांना मिळालं होतं. तेही कुठे? महिलांच्या राष्ट्रीय फुटबॉल लीगच्या दुसऱ्या श्रेणीत! आज साडेचारला नागपूरचा संघ केरळच्या संघाशी भिडणार होता. जिंकला तर पुढच्या फेरीत, नाहीतर खेळ खलास.

गोलकीपर रोशनीताई खापरखेड्याची. सकाळचा सराव आटपून ती बुटांच्या नाड्या सोडत होती. ती रागावली नाही, पण हसलीही नाही.

"थुंकू नाही त काय करू वं? कोरडा ग्लोव्ह चेंडूले पकडत नाही. ओला केला की चिकटतो. पण आता तेही होऊन नाही राहिलं." तिने बॅगेतून एक जोडी काढली. "हात लावून बघ."

तळवा पापडासारखा कडक आणि वरून गुळगुळीत!

"किती वर्षांचे आहेत?"

"आठ दिवसांचे! दोन सामन्यांत दोन जोड्या अशाच गेल्या. दोन्ही वेळा चेंडू हातातून सुटला, गोल झाला. लोक म्हणून राहिले, मी मुद्दाम सोडला." तिने जोडी परत बॅगेत कोंबली. "आज तिसरी जोडी काढली. आज सुटला त आमच्या कोच वंदना मॅडम मले बाकावर बसवतील. मंग घरचेही म्हणतील, पुरे झालं फुटबॉल."

"मुद्दाम सोडला असं म्हणतंय तरी कोण?" ऋषी तावातावाने पुढे आला.

"सगळ्यात आधी कोण, तर विश्वनाथकाका."

विश्वनाथकाका म्हणजे क्लबचे सचिव. त्यांच्यापुढे बोलायची कोणाची टाप नव्हती!

"सरावानंतर ग्लोव्हज कुठे जातात, ताई?" चिन्मयीने विचारलं.

"धोंडबाकाकांकडे. धुवायले."

तिघे तडक सामानाच्या खोलीत. तिथे दोरीवर नवे ग्लोव्हज टपटप गळत होते.

"मी त साबणही नाही लावत, पोरंहो," धोंडबाकाका म्हणाले. "साध्या पाण्यात बुचकळतो अन् सावलीत टांगतो. बाराले कुलूप लावून घरी जातो, जेवतो, एक झोप काढतो. साडेतीनले आलो की वाळून खडखडीत!"

"बंद खोलीत? साडेतीन तासांत?"

"हो ना! मलेही नवलच वाटते."

तिघांनी एकमेकांकडे पाहिलं. नवल वाटून झोपणारे धोंडबाकाका असतील, हे तिघे नव्हते!

बारा वाजले. ऊन असं की कुत्रीसुद्धा नळाखाली जाऊन बसलेली. तिघे प्रेक्षकांच्या पायऱ्यांखाली दबा धरून बसले.

"आपण वेडे आहोत," नूपुर पुटपुटली. "लोक कूलरपुढे टरबूज खाऊन राहिले असतील..."

"शू! कोणीतरी आलं!"

स्कूटर थांबली. विश्वनाथकाका! त्यांनी स्वतःच्या किल्लीने खोली उघडली, दोरीवरचे ग्लोव्हज ओल्या कपड्यांच्या बादलीत टाकले, ती उचलली आणि शिडी लावून थेट टिनाच्या छपरावर चढले. जर्सी पसरल्या, मोजे पसरले आणि शेवटी ग्लोव्हज! तळवे आकाशाकडे करून, अगदी निगुतीने.

"टिनावर? या उन्हात?" चिन्मयी उठलीच. नूपुरने तिला खाली खेचलं.

"आत्ता ओरडलीस तर ते म्हणतील, पोरं खोटं बोलतात. आळ पुन्हा ताईवरच!"

चिन्मयीने ओठ चावला. "मग एक ग्लोव्ह वाचवायचा आणि एक तिथेच ठेवायचा. दोन्ही समोर आले की कोण खोटं बोलतंय ते दिसेलच."

काका उतरून पाणी प्यायला आत गेले. चिन्मयी सुसाट निघाली आणि सरसर शिडी चढली. बाप रे! टिन नव्हतं, तवा होता तो! चपलेचे तळ मऊ पडले. तिने डावा ग्लोव्ह उचलला, मागे वळली, आणि तेवढ्यात खालून आवाज आला.

"शिडी उघड्यावर? कोणी नेली म्हणजे!"

शिडी गेली. खोलीला कुलूप. स्कूटर भुर्र!

चिन्मयी छपरावर एकटी. पाय पोळत होते. ती एका ओल्या जर्सीवर उभी राहिली, पण दोन मिनिटांत तीही कोरडी ठाक! घसा सुकला, डोळ्यांपुढे पिवळं पिवळं नाचायला लागलं.

"चिन्मे, थांब! पडू नकोस!" ऋषी आणि नूपुर गोलची जुनी जाळी फरफटत आणत होते. तिची घडीवर घडी घालून त्यांनी ढीग केला. "मार उडी!"

"उंच आहे रे!"

"दोन्ही हातांनी कडा पकड अन् लोंबक!"

"एका हातात ग्लोव्ह आहे!"

"मग दातांत धर ना, बावळट!"

चिन्मयीने ग्लोव्ह दातांत धरला, कडेला लोंबकळली, डोळे मिटले आणि सोडलं. धप्प! टाच सोलवटली, कोपर खरचटलं, पण ग्लोव्ह दातांतच. नूपुरने बाटलीतल्या पाण्याने तो ओला केला आणि रुमालात गुंडाळून पायऱ्यांखालच्या सावलीत ठेवला. सव्वातीनला काकांनी परत येऊन छपरावरचं सगळं उतरवलं आणि खोलीत टांगलं.

पावणेचार. संघाच्या खोलीत सगळ्या मुली तयार.

"हे बघा!" विश्वनाथकाकांनी उजवा ग्लोव्ह नाचवला. "डावा गायब! रोशनी, सामन्याच्या दिवशी एवढा निष्काळजीपणा? की खेळायचंच नाहीये?"

रोशनीताई पांढरीफटक. वंदना मॅडम राखीव गोलकीपरकडे वळल्या. "सुरुची, आज तू गोलमध्ये."

"थांबा मॅडम!" चिन्मयी दारातूनच ओरडली. "डावा माझ्याकडे आहे! काका, तुम्ही दोन्ही घालून चेंडू झेलून दाखवता?"

"मी? अगं, शाळेत मी गोलकीपरच होतो!" काका खुशीत पुढे आले.

ऋषीने उजव्या हातावर अलगद चेंडू टाकला. तो सटकन निसटला आणि थेट काकांच्या चष्म्यावर! मग डाव्या हातावर टाकला. चेंडू तळव्याला लागला आणि तिथेच थांबला.

"उजवा तुम्ही तीन तास टिनावर भाजला," चिन्मयी म्हणाली. "आम्ही पाहिलं."

"भाजला काय? वाळवला! बंद खोलीत वास येतो. आपण कुरडया नाही वाळवत? ऊन लागलं की कसं सगळं स्वच्छ! शिवाय ग्लोव्हज हाताला चिकटत होते, म्हणून मी दरवेळी वरून पावडरही लावतो..."

वंदना मॅडमनी काकांच्या हातातला उजवा ग्लोव्ह ओढून काढला.

"विश्वनाथजी," वंदना मॅडम हळू आवाजात म्हणाल्या, "ते चिकटतात म्हणूनच तर आपण घेतो!"

सुरुचीने स्वतःच्या हातातला उजवा ग्लोव्ह काढून पुढे केला. "घे रोशनी. माझे मी घरीच धुते."

नव्वदावं मिनिट. नागपूर एक, केरळ शून्य. चिन्मयी गोलमागे चेंडू छातीशी धरून उभी. केरळचा कॉर्नर वळत, खाली येत गोलपाशी पोचला. गर्दीत चार डोकी उडाली आणि चेंडू अचानक मोकळा! रोशनीताई झेपावली. दोन्ही हात पुढे...

धरला! छातीशी घट्ट! शिट्टी वाजली आणि मैदान उसळलं.

विश्वनाथकाकांनी स्वतः माईक हातात घेतला. "चूक माझी होती," ते सगळ्यांसमोर म्हणाले. "अन् नाव मी या पोरीचं खराब केलं. रोशनी, माफ कर. या तिघांचे डोळे माझ्यापेक्षा चांगले आहेत." टाळ्या थांबेचनात! रोशनीताईने तिघांना एकदमच मिठीत घेतलं.

मग वंदना मॅडम चिन्मयीकडे वळल्या. "छपरावरून उडी मारताना भीती नाही वाटली?"

"खूप वाटली. पण ग्लोव्ह सोडला नाही."

"मुलींच्या शिबिरात गोलकीपर नाहीये. सकाळी साडेपाच."

घरी आईने सोलवटलेली टाच पाहून कपाळाला हात लावला. "हे काय करून आलीस? आणि उद्यापासून तुझा सकाळचा गणिताचा क्लास आहे, लक्षात आहे ना?"

"आहे. तो मी संध्याकाळी करेन, सरांशी बोलून आलेय." चिन्मयी ताठ उभी राहिली. "आई, बाबा, मी गोलकीपर होणार. उद्या साडेपाचला मैदानावर जाणार. विचारत नाहीये, सांगतेय!"