ब्रेकवर गेलेले कृष्णातमामा

दुपारी बारा वाजता रसायनशास्त्राच्या प्रयोगशाळेत एकशे अठरा टेस्ट ट्यूब, बावीस बीकर आणि नऊ ब्युरेट पडून होत्या. सगळ्या न धुतलेल्या. श्रद्धाने दोनदा मोजल्या, दाराला कुलूप लावलं, किल्ली पर्समध्ये टाकली आणि ती जेवायला गेली.

पाऊण वाजता तिने कुलूप उघडलं. नळ्या धुऊन स्टँडवर उलट्या लावल्या होत्या. फरशी ओली होती. फडकं पिळून, चौघडी करून सिंकच्या कडेला ठेवलेलं होतं. खिडक्यांना जाळ्या होत्या. आत कुणी नव्हतं.

हा ब्रेकचा दुसरा दिवस होता.

कडेगावजवळच्या या कॉलेजात कृष्णातमामा सतरा वर्षं रोजंदारीवर प्रयोगशाळा सांभाळत होते. नोकरी सलग दिसली की माणूस कायम होण्याचा हक्क सांगणार, म्हणून कॉलेज त्यांना अधूनमधून आठवडाभर घरी बसवायचं. त्याला सगळे ब्रेक म्हणत. मामा ब्रेकवर गेले, हे मामा चहाला गेले इतक्या सहज बोललं जाई. या वेळी मात्र मामांनी तक्रार केली होती आणि शुक्रवारी कामगार अधिकारी पाहणीला येणार होत्या.

प्राचार्य खुशीत होते. "येऊ द्या की. मामांवाचून इथलं काय अडतं ते बघू द्या. कामच अडत नसेल तर कायम कशाला करायचं?"

श्रद्धा स्वतः तासिका तत्त्वावर शिकवत होती. पुढच्या वर्षी आपण इथे असू की नाही, हे तिलाही ठाऊक नव्हतं. प्रयोगशाळा शुक्रवारपर्यंत घाणच राहावी, अशी तिची इच्छा होती. शिपायांना विचारलं, तर आपण नळ्यांना हातही लावला नाही, अशी त्यांनी आईची शपथ घेतली. मग मामाच चोरून येतात का, हे पाहायला गुरुवारी दुपारी ती मलकापूरला गेली. ब्रेकमध्ये मामा तिथे बहिणीकडे राहत.

सोप्यात बाजेवर ते गाढ झोपले होते. बाहेर उसाचे ट्रॅक्टर गाणी लावून जात होते, त्याचं त्यांना काही नव्हतं.

"ब्रेकात आसाच झोपतोय," त्यांची बहीण रंगुबाई म्हणाली. "जेवान झालं की आडवा. हाका मारून माजा घसा बसलाय. कुंभकर्ण तरी कधीतरी कूस बदलत आसंल."

बऱ्याच वेळाने मामांनी डोळे उघडले आणि श्रद्धाला पाहून हसले. "आवं बाई, तुमी हितं? आत्ताच तर तितं हुतो मी."

"कुठे?"

"सपनात वो. नळ्या धुत हुतो. पानी गारगार, खिडकीतनं ऊन टेबलावर आल्यालं. लय बरं वाटतंय बगा. तितं कुनी म्हनत न्हाई, मामा, उद्यापासनं येऊ नका."

श्रद्धाने त्यांच्या हातांकडे पाहिलं. बोटांची टोकं पांढरी पडून सुरकुतली होती, तासभर पाण्यात राहिल्यासारखी.

"यांनी आत्ता भांडी घासली का?"

"ह्येनं?" रंगुबाई खो खो हसली. "ह्या जल्मात न्हाई."

श्रद्धा हसली नाही. "मामा, उद्या दुपारी झोपू नका. काहीही झालं तरी."

"आन् डोळा लागला तर?"

"बसते की मी त्येच्या उरावर," रंगुबाई म्हणाली.

शुक्रवारी श्रद्धाने सगळं तसंच टाकून कुलूप लावलं. साडेबाराला अधिकारीबाई आल्या. प्राचार्य त्यांना घेऊन दारापाशी पोचले, तेवढ्यात श्रद्धाचा फोन वाजला. रंगुबाई होती.

"जागा हाय. भिंतीला टेकून बसलाय. पन बाई, बोलत न्हाई. नुस्ता बगतोय. आन् हातातनं पानी गळतंय."

आत नळ सुरू झाला.

"आत कोण आहे?" अधिकारीबाईंनी विचारलं.

"कोणी नाही," प्राचार्य म्हणाले.

श्रद्धाने दाराच्या काचेतून पाहिलं. टेबलावर ऊन होतं. घाण नळ्या डावीकडे, धुतलेल्या उजवीकडे. तिची पापणी लवली. उजवीकडे एक वाढली.

पुन्हा लवली. आणखी एक.

कुलूप काढेपर्यंत नळ बंद झाला होता.

अधिकारीबाईंनी फडक्याला हात लावला. ओलं होतं. त्या प्राचार्यांकडे वळल्या. "ब्रेक कागदावर देता आणि माणसाकडून काम करून घेता? सर, सेवा खंडित कुठे झाली यात?"

"अहो, तो मलकापूरला आहे!"

"मग हे कोण करतंय?"

प्राचार्य खिडक्यांच्या जाळ्या ओढून पाहू लागले. श्रद्धाच्या हातातला फोन अजून चालू होता. तिने तो बंद करून पर्समध्ये टाकला.

दिवाळीआधी निकाल लागला. सतरा वर्षांची सेवा अखंड धरली गेली आणि मामा कायम झाले. त्यांनी सगळ्या कॉलेजात पेढे वाटले. फक्त शारीरिक तपासणीचा दाखला राहिला होता, म्हणून श्रद्धा त्यांना घेऊन सांगलीच्या सरकारी दवाखान्यात गेली.

मामा सहा फुटी, धिप्पाड. नवीन शर्ट पोटावर ताणलेला.

"चपला काढा मामा," नर्स म्हणाली. "कायम झालात, आता पोट आत घ्या."

मामा हसत वजनकाट्यावर चढले.

नर्सने आकडा पाहिला. मामांना खाली उतरवलं. काटा शून्यावर आणला आणि स्वतः चढून पाहिलं. एकसष्ट.

"हं, आता परत चढा."

मामा चढले, हात बाजूला सोडून सरळ उभे राहिले. बोटांच्या पांढऱ्या टोकांतून फरशीवर पाणी ठिबकत होतं.

एकोणीस किलो चारशे ग्रॅम.