तेविसावं पाऊल

गेली एकोणीस वर्षं मी पोटापाण्यासाठी उलटी चालते. जुन्या शहराच्या मध्यभागातून पायी फेरी घडवून आणायची तर ऐकणाऱ्यांकडे पाठ करून भागत नाही. लोक पाठीला प्रश्न विचारत नाहीत, आणि प्रश्न आले नाहीत की फेरीची नुसती रांग होते. म्हणून चौकातल्या कारंज्यापासून जुन्या कचेरीच्या फाटकापर्यंत सव्वा तास माझं तोंड लोकांकडे असतं आणि पाठ रस्त्याकडे. नवख्यांना वाटतं मी आता पडणार. मी पडत नाही.

हे मला दादानं शिकवलं, माझ्या थोरल्या भावानं. फेरी मुळात त्याची. सुरुवातीला मी दर चार पावलांवर गर्रकन वळून मागे बघायचे, म्हणून त्यानं माझं नाव भिंगरी ठेवलं, आणि घरात तेच रुळलं. शिकवताना तो माझ्यामागे असायचा, तोही उलटाच चालत, माझ्या पाठीपासून वीतभर अंतरावर तळहात धरून. हात कधी टेकवायचा नाही. "हात आहे, पण त्याच्यावर रेलायचं नाही. पावलं मोज," म्हणायचा. हाताची ऊब मात्र पाठीला कळायची.

मी पावलं मोजायला शिकले. पुस्तकबांधणीवाल्यांच्या गल्लीत दोन्ही हात पसरले तर बोटं दोन्ही भिंतींना लागतात. तोंडाशी दिव्याचा खांब आहे. त्या खांबापासून तेविसाव्या पावलाला एक दगडी पायरी लागते, मधोमध झिजून खोलगट झालेली. तिच्यापुढे चार पावलांवर गल्ली उजवीकडे वळते. पायरी आली की घोळक्यातलं कुणीतरी ओरडतंच, "अहो, मागे पायरी आहे!" मग मी न बघता, बोलणं न थांबवता टाच उचलते आणि वर चढते. लोक टाळ्या वाजवतात. ही युक्तीही दादाचीच.

अकरा वर्षांपूर्वीची ती सकाळची फेरी माझी होती. माझा घसा बसला होता, तोंडातून शब्द फुटत नव्हता. दादा म्हणाला, "पड तू, मी जाऊन येतो." चौदा जण होते. तो पायरी चढला, टाळ्या घेतल्या, आणि फेरीतली नेहमीची घड्याळजीची गोष्ट सांगत सांगत कोपऱ्यावरून उलटाच वळला. मागोमाग लोक वळले तर पुढे गल्ली रिकामी. तिथे एकही दार नाही, खिडकी नाही. कचेरीच्या फाटकापर्यंत दोन्ही बाजूंना कोऱ्या भिंती, आणि फाटक त्या दिवशी बाहेरून कुलूपबंद होतं. लोकांना वाटलं, हाही कार्यक्रमाचाच भाग. दहा मिनिटं ते कौतुकानं थांबून राहिले. पोलिसांनी पुढे भिंती ठोकून पाहिल्या, गटाराची झाकणं उघडली. काहीच मिळालं नाही.

वहिनीनं, म्हणजे त्याच्या बायकोनं, "तुझ्याऐवजी गेला" असं मला अकरा वर्षांत एकदाही म्हटलं नाही. म्हटलं असतं तर बरं झालं असतं.

यंदा वकिलांनी सांगितलं, एवढी वर्षं पत्ता नसलेल्या माणसाला कोर्ट मृत ठरवू शकतं. वहिनीची मुलगी तिला कायमची आपल्याकडे बोलावते आहे, आणि दादाचं काहीतरी ठरल्याशिवाय वहिनीचा पाय या घरातून निघत नाही. तिनं अर्ज आणला, शाईनं भरला. दादाचं नाव तेवढं पेन्सिलीनं लिहिलं.

"शाई लावायला हात धजत नाही गं," ती म्हणाली.

खाली दोन सह्या लागणार होत्या, बायकोची आणि भावंडाची. मी म्हटलं, तू नाव पक्कं करशील त्या दिवशी मी सही करीन. अर्ज फ्रीजवर ठेवून दिला.

त्याच आठवड्यात एका जाड चष्मेवाल्या गृहस्थांनी मला पंधराव्या पावलाला सावध केलं. मी सवयीनं टाच उचलली आणि नुसत्या हवेत पाय टाकून धडपडले. एकोणीस वर्षांत पहिल्यांदाच. मनातल्या मनात त्यांच्या चष्म्याच्या नंबराचा उद्धार केला. दुसऱ्या दिवशी एक कॉलेजची मुलगी ओरडली, पुन्हा पंधराव्यालाच. तिच्या डोळ्यांना काही झालेलं नव्हतं.

मी वहीत आकडे लिहायला लागले. भुताखेतांवर माझा विश्वास नाही. जुन्या शहरात काम करणाऱ्याचा सहसा नसतो, कारण बहुतेक भुतं आम्हीच पर्यटकांसाठी तयार केलेली असतात. मला वाटलं, उन्हाचा खेळ असेल, वरच्या सज्जाची सावली पायरीसारखी दिसत असेल. खडू आणि टेप घेऊन दुपारी एकटीच गेले, मोजून आले. पायरी होती तिथेच होती. सावली त्या वेळी तिच्या आसपासही फिरकत नव्हती.

पुढल्या आठवड्यात आकडा सतरा झाला, मग अठरा. एव्हाना माझ्या लक्षात आलं की गल्लीत शिरल्यावर लोक माझ्याकडे बघतच नाहीत. त्यांची नजर माझ्या डाव्या खांद्यावरून पलीकडे, जरा वर लागलेली असते, माझ्यापेक्षा अर्ध्या डोक्यानं उंच माणसाकडे बघावं तशी. मी भिंगरीसारखी वळून पाहिलं. गल्ली, ओलसर भिंत, पन्हळीचा पाइप. बाकी कुणी नाही.

एकोणीस आकडा आला त्या दिवशी फेरी संपल्यावर मी ओरडणाऱ्या बाईंनाच थांबवलं. निवृत्त नर्स होत्या, चांगल्या खमक्या.

"तुम्ही मला पायरीच्या फार आधी सांगितलंत," मी म्हटलं.

"तुम्हाला नाही हो, त्यांना."

"कुणाला?"

त्या गोंधळल्या. "तुमच्यामागे उलटे चालत होते ना ते? मला वाटलं, तुम्ही शिकवताय त्यांना."

हे मी वहिनीला सांगायला नको होतं. पण तिच्या घरी गेले आणि सांगून टाकलं. ती भाजी चिरत होती. सुरी थांबली, एवढंच.

"शर्ट कुठला होता?" तिनं विचारलं.

"ते मी नाही विचारलं."

"विचारायचंस की." ती पुन्हा चिरायला लागली. "एकोणीस म्हणजे चार पावलं. तुझ्यापासून चार पावलांवर आहे तो."

हा हिशेब मीही केला होता, फक्त मोठ्यानं बोलले नव्हते.

आकडा बावीस झाला त्या सकाळी वहिनी घोळक्यात उभी होती. चांगली साडी, पायात चालायचे बूट. नेहमीप्रमाणे मी कारंज्याची माहिती सांगितली, बाजाराची सांगितली, विनोद केले. गल्लीत शिरले आणि सातव्या-आठव्या पावलापासून मला पाठीच्या मधोमध ऊब लागायला लागली. वीतभर अंतरावरची. मला त्या क्षणी भीती वाटली नाही हे कबूल करते. दादाची इतकी आठवण झाली की बाजाराचा मजकूरच पुन्हा सांगत सुटले.

फेरी संपल्यावर वहिनी कारंज्याच्या कठड्यावर येऊन बसली.

"निळ्या चौकड्यांचा शर्ट. तोच. अगं, एक केस पांढरा झालेला नाही त्याचा! आणि हात तसाच धरलाय, तुझ्या पाठीशी."

"तुझ्याकडे बघितलं?"

"बघितलं ना. लोकांकडे बघून हसतो तसा हसला." तिनं पदर सारखा केला. "ओळखलं नाही अजून. लांब होता म्हणून असेल."

आम्ही दोघी रडलो. माणसं वळून बघत होती, बघू दे म्हटलं.

दुसऱ्या दिवशीही वहिनी घोळक्यात होती. एका आजोबांनी बरोबर तेविसाव्या पावलाला सावध केलं. माझी टाच बरोबर उचलली गेली. टाळ्या बरोबर पडल्या. ऊब नव्हती. माझ्या अंगावरून जणू ओझंच उतरलं. जे काही होतं ते संपलं, आकडा जागेवर आला. मी वहिनीला तसं सांगितलंही.

ती माझ्याकडे विचित्र नजरेनं बघत होती.

"पायरीवर तू मला दिसलीच नाहीस," ती म्हणाली. "त्या जागी तोच होता."

मी म्हटलं, मी गल्ली सोडून देते. बाजारातून दुसरी वाट आहे, दहा मिनिटं जास्त लागतात इतकंच.

"दोन दिवस काढ," वहिनी म्हणाली. "माझ्यासाठी."

आज नऊ वाजता बारा जण होते, आणि वहिनी. गल्लीच्या तोंडाशी खांबाला हात लावला आणि मोजायला सुरुवात केली.

वीस. एकवीस. कुणी काही बोललं नाही.

तेविसाव्याला मी टाच उचलली, पायरी चढले. टाळी पडली नाही.

मी चोवीस म्हटलं, तेव्हा वहिनीचा आवाज आला.

"अहो, जपून! मागे पायरी आहे."

वहिनी मला अगं म्हणते. इतक्या वर्षांत तिनं मला अहो म्हटलेलं नाही.

मी तर पायरी चढून गेले होते. पण सगळ्यांचे डोळे माझ्या एक पाऊल अलीकडे होते, मोकळ्या हवेत. मग त्यांनी टाळ्या वाजवल्या. मी बोलत होते, पण त्यांच्या माना माझ्या बोलण्याबरोबर हलत नव्हत्या.

माझा उजवा हात वर आला होता. मी उचलला नव्हता. तळहात पुढे, बोटं जुळलेली. वीतभर अंतरावर त्याला कुणाच्या तरी पाठीची ऊब लागत होती.

कोपऱ्याला तीन पावलं उरली होती. मी वळले आणि सरळ धावत फाटकातून बाहेर पडले. मागे फेरी चालूच होती. लोक हसत होते. घड्याळजीच्या गोष्टीत जिथे हसायचं असतं, तिथेच.

संध्याकाळी वहिनीकडे गेले. दार उघडून ती क्षणभर माझ्या आजूबाजूला बघत राहिली, मग मी सापडले तिला. चहा टाकला. मी म्हटलं, उद्या मी जाणार नाही, परवाही नाही. पुन्हा कधीच नाही.

तिनं कप माझ्यापुढे ठेवला. आवाज मऊ होता, आजारी माणसाशी बोलावं तसा.

"त्या दिवशी पाळी तुझी होती ना, भिंगरे."

अकरा वर्षं मी याच वाक्याची वाट बघत होते. मला वाटायचं, ते आलं की मोकळं वाटेल. उद्या नऊला चौदा जणांची नावं आलेली आहेत.

अर्ज टेबलावर होता. मी म्हटलं, "मग हा फाडून टाक."

"असू दे," ती म्हणाली. "लागेल."

तिची सही झाली होती. बाकी सगळं शाईत होतं तसंच होतं. फक्त नावाची जागा कोरी होती, आणि तिच्यावर खोडरबराचा चुरा अजून तसाच पडलेला होता.