पारव्याचा उजवा पाय

पारवा सकाळी सात वाजता लंगडला, तोही पंचांच्या डोळ्यांदेखत.

साडेआठला त्याची मालकीण वहिनींच्या दारात उभी होती. घोड्यांच्या अडथळा-उड्यांच्या स्पर्धेची अंतिम फेरी दुपारी होती. घोडा बाराला पुन्हा दाखवा, तेव्हाही लंगडला तर बाद, असं पंचांनी सांगितलं होतं. रात्रीतून कुणीतरी त्याच्या पायाला काहीतरी केलंय, असं ती ठामपणे म्हणत होती. ते कोण, हे तिला बाराच्या आत हवं होतं.

वहिनींनी चपला घातल्या. कोर्टात तीस वर्षं साक्षी टाइप करून खोटं ऐकायचा त्यांना वीट आला होता, पण निवृत्तीनंतरही लोक कोडी घेऊन येतच. बरोबर त्यांचे धाकटे दीर. चित्रकलेचे मास्तर म्हणून निवृत्त झालेले भाऊजी पिशवी धरत आणि बहुधा चुकीचा अंदाज बांधत. आज त्यांचा गुडघाही धरला होता.

वाटेत मालकिणीने पारव्याची कथा सांगितली. मान आखूड म्हणून तीन जणांनी नाकारलेला हा राखाडी घोडा तिच्या वडिलांनी घेतला. सहाव्या वर्षी तो आपणहून कुंपण ओलांडून शेजारच्या कुरणात गेला, तेव्हा कुठे त्याची उडी कळली. मग अकरा वर्षं तिचा भाऊ त्याच्या पाठीवर. दोनदा अजिंक्यपद. आता पारवा सतरा वर्षांचा होता.

"आज जिंकला तर तिसरं," ती म्हणाली. "वडिलांना तीन हवी होती."

मालकिणीची पागा स्पर्धेच्या मैदानाला लागूनच होती. पारवा आपल्या ठाणात मान खाली घालून उभा होता. आयाळीच्या बारीक वेण्या घालून, एकेक गुंडाळून दोऱ्याने शिवलेल्या. भाऊजींनी त्या मोजल्या, चोवीस भरल्या. घोड्याची निगा राखणारा म्हातारा मोतद्दार म्हणाला की तो पहाटे चारपासून वेण्यांनाच बसला होता आणि साडेसहाला उठला. बोटं अजून वळत नव्हती.

वहिनींनी पुढच्या उजव्या पायावरून हात फिरवला. पाय गार होता. सूज नाही, जखम नाही. खुराच्या वर टाचेच्या बाजूला मात्र केस रुपयाएवढ्या जागेत आखूड होते. काही नुकते कापलेले, काही अर्धवट वाढलेले. मग त्यांनी पेंढा बाजूला सारला. खालच्या मातीत गव्हाणीपुढे दोन खळगे पडले होते. पारव्याने खुरांची टोकं त्यांत रोवली होती आणि टाचांखाली पेंढ्याचा ढीग ओढून घेतला होता. खळग्यांच्या कडा घासून गुळगुळीत झाल्या होत्या.

"उंदीर असतील," भाऊजी म्हणाले.

घोड्यांचे डॉक्टर खोगिरांच्या खोलीत डोकं धरून बसले होते. काल रात्री त्यांची बॅग याच खोलीत होती. किल्ली मोतद्दार, मालकीण आणि तिचा भाऊ अशा तिघांकडे असते. आज पहाटे साडेपाचला त्यांनी पारव्याला शक्तीचं इंजेक्शन दिलं. बाटली नवी होती, बुचात सुई एकदाच टोचली, असं ते म्हणाले. घोडा लंगडल्यावर दोनदा येऊन त्यांनी तोच पाय चाचपला, असं मोतद्दाराने आधीच सांगितलं होतं. वहिनींनी कचऱ्याच्या डब्यातून ती बाटली काढून भाऊजींच्या हातात दिली. चित्रं तपासलेल्या डोळ्यांना रबरी बुचावर तीन भोकं दिसली.

स्वार, म्हणजे मालकिणीचा भाऊ, बाहेर बाकावर बसला होता. चाळिशीचा, पण बसण्यात साठीचा थकवा. आपल्याला काहीच माहीत नाही, म्हणाला. झोप नीट लागली, सहाला उठलो, एवढंच. तपासणीनंतर लगेच सरावाला उतरायचं असल्याने स्वार सातलाच सगळा पोशाख करून येतात, हे त्यानेच सांगितलं. त्याच्या पायांत कापडी बूट होते. स्वारीचे उंच बूट आत खुंटीखाली होते, आकार टिकवायचे लाकडी साचे अजून आत घातलेले.

अकराला वहिनींनी सगळ्यांना ठाणापुढे बोलावलं. त्यांचा आवाजही दमलेला होता.

"रात्री पायाला कुणी काही केलेलं नाही. ताजी दुखापत असती तर पाय तापला असता. हे खळगे एका रात्रीत पडत नाहीत. टाच दुखते म्हणून घोडा कित्येक महिने ती उंच धरून उभा राहतोय. तरी तो उड्या मारत होता, कारण दर वेळी केस कापून, सुई टोचून पाय बधिर केला जात होता. ते शक्तीचं इंजेक्शन नव्हतं, डॉक्टर."

डॉक्टरांनी मान वर केली नाही. "आठ महिने," ते म्हणाले. "बाईंना माहीत होतं."

मालकीण भिंतीकडे बघत राहिली.

"आज बधिर झाला नाही, एवढंच घडलं. डॉक्टरांनी एकदा टोचलेल्या बुचाला भोकं तीन. एक औषध काढून घ्यायला, एक दुसरं काही भरायला. डॉक्टरांनीच केलं असतं, तर ते पाय का लंगडतोय म्हणून पुन्हापुन्हा बघायला आले नसते. बाई, तुम्ही केलं असतं, तर मला बोलावलंच नसतं. मोतद्दाराला ठाऊक असतं, तर त्याने अडीच तास बोटं आखडेपर्यंत वेण्या घातल्या नसत्या. घोडा आज उडी मारणार नाही हे सातच्या आधी फक्त एका माणसाला माहीत होतं. त्याने बूट घातले नाहीत."

स्वार उठला नाही. "मिठाचं पाणी होतं," तो म्हणाला. "गेल्या महिन्यात उडीनंतर त्याला जमीन कळलीच नाही. गुडघ्यांवर पडला आणि उठून पुढच्या अडथळ्याकडे निघाला. मी तीनदा सांगितलं, ताई. तू दर वेळी म्हणालीस, एवढी एकच."

मैदानावर कर्ण्यातून कुणा दुसऱ्या घोड्याचं नाव पुकारलं गेलं. अखेर डॉक्टरांनी घड्याळ पाहिलं. बॅगेत दुसरी बाटली होती. बारापर्यंत पाय बधिर होऊ शकत होता.

"काय करू?" त्यांनी विचारलं.

भाऊजींना वाटलं, ती हो म्हणणार. हाही अंदाज चुकला.

"नालबंदाला बोलवा," ती म्हणाली. "नाल काढून टाका सगळे. आता उड्या बंद."

नालबंदाने डावा पाय उचलला, तसा सगळा भार दुखऱ्या उजव्यावर आला आणि पारवा थरथरू लागला. मालकीण पुढे झाली. तिने त्याच्या छातीखाली खांदा दिला. तिचे पाय पेंढ्यात रुतले.

"फार जड आहे हा," ती दबक्या आवाजात म्हणाली.

"अंग टाकलंय त्यानं तुमच्यावर," मोतद्दार म्हणाला. "हलू नका, बाई."

ती हलली नाही.