रांधणाऱ्या हाताचं मोल

जयवंताने शाईचा पॅड पुढे सरकवला आणि तो हळू आवाजात म्हणाला, "आक्का, डाव्या हाताचा अंगठा चालेल. भरपाई पूर्ण मिळाल्याच्या या पावतीवर उठव, म्हणजे लॉरीवाल्याचं प्रकरण मिटलं."

कालिंदीने डावा हात पदराआड घेतला. उजवा आता उरलाच नव्हता... लालबागच्या नाक्यावर ती भाजीची पिशवी घेऊन उभी असताना भरधाव लॉरी फुटपाथवर चढली होती, आणि इस्पितळात तिचा हात कोपरापासून काढावा लागला होता.

"मी अंगठा देणार नाही," ती म्हणाली. "मला हायकोर्टात अपील करायचंय. मंजूर झालेली भरपाई फार थोडी आहे."

भरपाई थोडी का, हे दोघांनाही ठाऊक होतं. नवरा वारल्यावर काळाचौकीच्या याच खोलीत कालिंदीने खानावळ घातली होती. कोकणातून एकटे आलेले गिरणी कामगार तिच्या हातची भाकरी-आमटी खाऊन पाळीवर जात, आणि त्याच चुलीच्या धगीवर आईवेगळा हा धाकटा भाऊ शिकला, कचेरीत साहेब झाला, दादरला बिऱ्हाड करून राहिला! गिरगावच्या प्रतिष्ठित घरातली चंपा त्याची बायको झाली. पण सासरी त्याने खानावळीचा कधी उच्चारही केला नाही. दाव्यात तो साक्षीला उभा राहिला तेव्हा सासरे मागच्या बाकावर बसले होते. लॉरीवाल्याच्या वकिलाने विचारलं, बहीण काय करते? जयवंताने मान खाली घालून सांगितलं, "काही नाही. घरीच असते."

खानावळीचं कालिंदीने आधीच सांगितलं होतं, पण शिकलेल्या भावाचा शब्द वजनदार ठरला. तिची कमाई बुडाली असं न्यायाधिकरणाने धरलंच नाही. औषधपाणी आणि वेदना, एवढ्याचीच भरपाई मिळाली. जखम भरली, पण 'काही नाही' हे दोन शब्द... ते अंतःकरणात खोल रुतून बसले होते.

"अपिलात पुन्हा सगळं निघेल, आक्का," जयवंत कळवळून म्हणाला. "माझ्या सासरी..."

"निघू दे. मी आयुष्यभर काही केलं नाही, असं सरकारी कागदावर राहू देणार नाही मी."

तो पावती घेऊन निघून गेला. त्यानंतर तो बरेच दिवस फिरकला नाही.

संयुक्त महाराष्ट्राच्या सत्याग्रहात तुरुंग भोगून आलेला बुधाजी हा तिच्या खानावळीत जेवणारा जुना गिरणी कामगार. तो म्हणाला, "बाय, आम्ही मुंबई मागतो ती काय भीक म्हणून नाय. तूपण मागे सरू नको." त्यानेच तिला हेरंब वकिलांकडे नेलं. खानावळीत जेवणाऱ्यांनी प्रतिज्ञापत्रं दिली. वकिलांनी ती वाचून बाजूला ठेवली.

"कालिंदीबाई, ही पुरायची नाहीत. सख्ख्या भावानेच शपथेवर नाही म्हटलंय. त्यानेच येऊन खरं सांगितलं, तर आशा आहे. त्याला विचारा."

"नाही विचारणार," कालिंदी म्हणाली. "शपथेवर खोटं बोललो, असं त्याला चारचौघांत कबूल करावं लागेल. त्याला मी आईच्या मायेनं वाढवलंय... त्याच्याशिवाय हरले तरी चालेल. पण लढणार."

अपील दाखल झालं. पुढे एका रविवारी सकाळी ती डाव्या हाताने पीठ मळत असताना जयवंत दारात येऊन उभा राहिला. सोबत चंपा होती.

"अपील मागे घ्यायला लावा, म्हणून मी वकिलांकडे गेलो होतो," तो म्हणाला. "तू त्यांना काय सांगितलंस, ते कळलं मला. मी प्रतिज्ञापत्रावर सही करून आलोय, आक्का... मी खोटं बोललो, असं लिहून दिलंय."

कालिंदीचा हात पिठात तसाच थांबला. "आणि सासरे?"

"त्यांनाही सांगितलं. ते उठून आत गेले."

"बाबांचं मी बघेन, वन्सं," चंपा म्हणाली आणि तिने परात आपल्याकडे ओढली.

कालिंदीने पिठाच्याच हाताने भावाचं मस्तक छातीशी धरलं... इतके महिने कोंडलेले अश्रू आता वाट मिळेल तसे वाहू लागले.

हायकोर्टात जयवंताला न्यायमूर्तींचे कठोर शब्द ऐकावे लागले. ते त्याने ताठ उभं राहून ऐकले. निकाल लागला. खानावळीची कमाई ही कमाईच, असं कोर्टाने मानलं आणि भरपाई वाढवून दिली. मागितली तेवढी नव्हे, पण कालिंदीने ती समाधानाने घेतली आणि एक बाई मदतीला ठेवून खानावळ पुन्हा सुरू केली.

पहिल्या पंगतीला जयवंत दादरहून आला. कचेरीचा कोट त्याने खुंटीला अडकवला, आमटीचं पातेलं उचललं आणि वाकून एकेका पानात तो वाढत निघाला. बुधाजी संकोचून पान मागे ओढू लागला.

"साहेब, तुम्ही कशाला..."

"बस रे बुधाजी," कालिंदी चुलीजवळून म्हणाली. "घरचाच आहे तो."