दोनदा मिटलेले ओठ

सकाळी शेगडीवरचं मोका भांडं गुरगुरायला लागलं की मी आतल्या खोलीकडे तोंड करून हाक मारतो, "पाल्मीरा, कॉफी झाली." आतल्या खोलीत कुणी नाही. तिला जाऊन दोन वर्षं झाली. हाक मारायची सवय मात्र गेलेली नाही, आणि जावी असं मला वाटतही नाही. माझं स्वतःचं म्हणावं असं तेवढंच माझ्याकडे उरलंय.

हे बोलणं नाटकी वाटेल. मी नाटकीच माणूस आहे, फक्त चेहऱ्याशिवायचा. एर्मेते फालास्का हे नाव तुम्ही ऐकलेलं नसणार. आवाज मात्र ऐकलेला असेल. औषधाच्या दुकानात मी खोकल्याची बाटली मागितली की रांगेतल्या बायका चटकन मागे वळतात, आणि टक्कल पडलेला बुटका म्हातारा दिसला की हिरमुसतात. त्यांना डेसमंड क्रेल हवा असतो, तो इंग्रजी सिनेमातला नट, ज्याचं इटालियन डबिंग मी करतो. तेहतीस वर्षं आणि एकेचाळीस चित्रपट, इटलीत क्रेल माझ्याच आवाजात हसला, भांडला, प्रेमात पडला आणि अकरा वेळा मेला.

आम्ही एकदाच भेटलो, इथे रोममध्येच, एका जेवणाच्या वेळी. त्याचा खरा आवाज पातळ होता, थोडा नाकातला. दुभाष्या बाईमार्फत तो म्हणाला, "इथे मी तोंड उघडलं की वाढपी हसतात. त्यांना वाटतं मी क्रेलची नक्कल करतोय." सगळे हसले. तो हसला नाही. तो जेवणभर माझ्या तोंडाकडे बघत होता.

आमच्या धंद्यात स्वतःजवळ काही ठेवता येत नाही. माझे वडील गेले तेव्हा मी जसा रडलो, तसाच क्रेल पुढच्या वर्षी एका युद्धपटात रडला. पाल्मीरा माझ्या शेजारी बसून तो चित्रपट बघत होती. घरी परतताना ट्राममध्ये ती म्हणाली, "रात्री तू माझ्याशी जे गोड बोलतोस ते महिन्याभराने अख्खा देश ऐकतो, एर्मेते. मी लग्न कुणाशी केलंय तेच मला कळेनासं झालंय. एक कर. माझं नाव तेवढं घरी ठेव."

मी ठेवलं. एकदा एका संहितेत पाल्मीरा नावाची स्वयंपाकीण निघाली, तर मी हटून बसलो आणि तिचं नाव अस्सुंता करून घेतलं. लोकांनी टिंगल केली. मी ती करू दिली. बाकी सगळं मी त्या माणसाच्या तोंडात घातलं होतं, पण ते नाव कधीच नाही.

क्रेल ऑगस्टमध्ये गेला. त्याचा शेवटचा चित्रपट नोव्हेंबरात आमच्याकडे आला. मृतांच्या दिवसाला दोनच दिवस झाले होते. पाल्मीराच्या थडग्यावर ठेवलेल्या शेवंतीचा वास अजून माझ्या कोटाला होता. प्राती भागातल्या आमच्या तळघरातल्या स्टुडिओत उतरताना नेहमीसारखं आधी डोक्यावर वर्तमानपत्र धरलं, कारण त्या दिवसांत झाडांवर साळुंक्यांचे थवेच्या थवे असतात आणि त्या कुणाची भीडभाड ठेवत नाहीत.

आत फियोरेल्ला होती. ती ओठांची पहारेकरीण. पडद्यावरचे ओठ आणि आमचे शब्द जुळतात की नाही एवढंच बघायचं हे तिचं काम, आणि अठ्ठावीस वर्षांत तिची नजर चुकलेली मी पाहिली नाही. शब्द काय आहेत याच्याशी तिला कर्तव्य नसतं, ते ऐकायला दिग्दर्शक असतो. आमची दिग्दर्शिका बेनेदेत्ता होती, पस्तिशीची आणि फार नम्र. काचेपलीकडे ध्वनिमुद्रक दुईलियो बसला होता.

"आज तरी नीट मर," फियोरेल्ला म्हणाली. "मागच्या वेळी चार कड्या घेतल्यास."

चित्रपट कापून लहान लहान तुकडे करतात, त्यांना आम्ही कड्या म्हणतो. एका कानाला क्रेलचा मूळ आवाज लावायचा, दुसरा कान स्वतःसाठी मोकळा ठेवायचा आणि पडद्याकडे बघत बोलायचं. भाषांतर कसंही फिरवता येतं. फक्त प, ब, म ही अक्षरं कुणाला फसवू देत नाहीत, कारण ओठ मिटल्याशिवाय ती निघत नाहीत. पडद्यावर ओठ मिटले तर तुमच्याकडे मिटणारं अक्षर हवं, उघडे असतील तर नको. माझे गुरू नवशिक्यांच्या ओठांना सिगारेटचा पातळ कागद लावून शब्द म्हणायला लावत. कागदावर ओला ठसा उठला नाही की म्हणत, "हे अक्षर तू बोलला नाहीस, नुसता आवाज काढलास."

शेवटचा प्रसंग साधा होता. म्हातारा क्रेल स्वयंपाकघरात उभा आहे. शेगडीवर किटली आहे. तो आतल्या दाराकडे तोंड करून बायकोला हाक मारतो, "एलेन," आणि खुर्चीत बसतो. बस, मग संपतो. सकाळी तीनदा आम्ही तो पाहिला होता. एलेन म्हणताना त्याचे ओठ उघडेच होते, आणि फियोरेल्लाने समासात तशी खूणही केली होती.

दिवा मालवला. कडी सुरू झाली. कानात किटली गुरगुरायला लागली.

मला सांगायला लाज वाटते. तेहतीस वर्षांत मी अशी चूक केली नव्हती. तो आवाज ऐकला, माणूस दाराकडे वळताना पाहिला आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "पाल्मीरा."

"बसलं," फियोरेल्ला अंधारातून म्हणाली. "पुढची कडी."

"थांबा," बेनेदेत्ता म्हणाली. "माएस्त्रो, पाल्मीरा कोण?"

मी माफी मागितली. ती हसून म्हणाली, "असू दे, होतं कधीकधी." फियोरेल्ला मात्र हसली नाही. तिची पेन्सिल कागदावर थांबली होती.

"पण ते बसलं होतं," ती म्हणाली. "दुईलियो, परत लाव बरं."

दुईलियोने कडी परत लावली. क्रेल दाराकडे वळला. त्याचे ओठ मिटले, उघडले, पुन्हा मिटले, उघडले. आवाज माझा होता. नाव पाल्मीरा. त्या तोंडात ते असं चपखल बसलं होतं की जणू तिथेच जन्मलं होतं.

"आता मूळ आवाज लाव," बेनेदेत्ता म्हणाली.

क्रेलचा पातळ आवाज आला. एलेन. अगदी स्वच्छ. ओठ मात्र दोनदा मिटले.

दुईलियोने घसा खाकरला. "प्रत बिघडली असेल. दुसरी आहे माझ्याकडे." त्याने दुसरी लावली. तिच्यातही ओठ दोनदा मिटले.

"सकाळी उघडे होते," फियोरेल्ला म्हणाली. "मी खूण केलीय, ही बघ."

"आपण दमलोय, फियोरे," बेनेदेत्ता हळूच म्हणाली.

"दमलीस तू असशील."

मी एलेन म्हणून पाहिलं. सहा वेळा म्हटलं. सहाही वेळा ते बाजूला पडलं, दुसऱ्याचा कोट घातल्यासारखं. शेवटी बेनेदेत्ता म्हणाली की असू दे, प्रेक्षकांना काय कळतंय. फियोरेल्ला म्हणाली, "मला कळतंय ना." पण तिने वाद वाढवला नाही, आणि तिने वाद न वाढवणं मला जास्त टोचलं.

"ते पहिलं पुसून टाक," मी दुईलियोला म्हणालो.

"पुसतो की."

"आत्ता. माझ्यासमोर."

माझा आवाज जरा चढला असावा. त्याने मान वर करून पाहिलं, आणि माझ्यासमोर पुसलं. मी खात्रीसाठी ती कडी पुन्हा लावायला सांगितली. आवाज नव्हता. किटलीची गुरगुरही नव्हती. निःशब्द पडद्यावर तो मेलेला माणूस दाराकडे वळून माझ्या बायकोला हाक मारत होता.

मला राग आला. भीती नंतर आली. आधी रागच आला, खिशातली वस्तू आपल्या डोळ्यांदेखत कुणी काढून घ्यावी तसा. तेहतीस वर्षं मी त्याला सगळं दिलं होतं. हे दिलं नव्हतं.

काम संपलं तेव्हा दुपारचे तीन वाजले होते. समोरच्या बारमध्ये मी आणि फियोरेल्ला काउंटरशी उभे राहिलो. तिने दूध घातलेली कॉफी घेतली, मी काळी. बाहेर साळुंक्यांचा कलकलाट होता.

"मनाला लावून घेऊ नकोस," ती म्हणाली. "तिला जाऊन किती झाली रे, दोन वर्षं?"

"पाल्मीराला? हो, या महिन्यात दोन."

फियोरेल्लाने कप खाली ठेवला. ती माझ्याकडे बघत होती, पण डोळ्यांत नाही. पडद्यावरच्या ओठांकडे बघते तशी.

"काय झालं?" मी विचारलं.

"परत म्हण."

"काय?"

"तिचं नाव."

मी म्हटलं. तिने मान जराशी तिरकी केली. समासात खूण करायच्या आधी ती नेहमी तशी करते.

"आणखी एकदा, एर्मे. हळू."

मी हळू म्हटलं. तिचा चेहरा उतरला. तिने पर्स उचलली, माझ्या दंडाला हात लावला आणि म्हणाली, "आवाज तर येतोय." एवढंच बोलून ती गेली. तिची कॉफी तशीच राहिली.

मी घरी आलो. कोट काढला नाही. पाल्मीराच्या बटणांच्या डब्यात सिगारेटच्या कागदांचं एक जुनं पाकीट आहे. मी ओढणं सोडलं तेव्हा तिनेच ते लपवून ठेवलं होतं.

स्वयंपाकघरात उभा राहिलो. ओठ ओले केले. कागद ओठांना लावला.

माम्मा म्हटलं. ठसा उठला.

पाने म्हटलं, म्हणजे पाव. ठसा उठला.

पीपो म्हटलं, माझ्या भावाला लहानपणी आम्ही तसं म्हणत असू. ठसा उठला.

मग नवा कागद घेतला. आतल्या खोलीकडे तोंड केलं आणि रोज मारतो तशी हाक मारली. हाक खणखणीत होती. खोलीभर ऐकू आली.

मी कागद उजेडात धरून पाहिला. मग दुसरा घेतला. मग तिसरा.

पाकीट संपलं तेव्हा बाहेर अजून ऊन होतं. टेबलावर एकोणीस कागद पडले होते, सगळे कोरडे.