पाठ पुढे, धार मागे

घड्याळजींनी दोन कागद शेजारी शेजारी ठेवले आणि म्हणाले, "यातला एक खोटा आहे. कुठला, ते सांगा."

पहिला कागद म्हणजे त्यांच्या मित्राच्या, मास्तरांच्या भाचीची चिठ्ठी. 'मामा आठ महिन्यांपूर्वी गेले. त्यांची खोली आवरताना हे सापडलं. वहीत तुमचा पत्ता होता, तुमचं असावं.' चिठ्ठीसोबत एक वही आणि पितळी फासे आले होते.

दुसरं पोस्टकार्ड. त्यावर मागच्या सोमवारचा शिक्का. 'काजवा दाराशी थांबतो. तलवार पुसतो. मग दार ढकलतो.' खाली सही, मास्तर.

"मेलेला माणूस कार्डं टाकतो?" दाजींनी खुर्ची जराशी मागे सरकवली.

मावशीने नुसता चष्मा पुसला. ती खासगी तपास करायची. विमा कंपनीत पंचवीस वर्षं दावे तपासल्यावर लोकांचं खोटं ऐकायची सवय काही सुटेना. दाजी तिच्या थोरल्या बहिणीचे यजमान. मुलांच्या तोंडून ऐकून तेही तिला मावशीच म्हणत. पुढे बहीण गेली, मुलं लांब गेली, हाक तेवढी राहिली.

"काजवा कोण?" मावशीने विचारलं.

"खेळातला. आम्ही टेबलाभोवती बसून खेळायचो. मी सूत्रधार. समोर जंगल आहे की राक्षस, ते मी सांगणार. आपलं पात्र काय करतं, ते खेळणारा सांगणार. अडलं तर फासे. काजवा हा मास्तरचा जादूगार." घड्याळजींचा आवाज जरा उजळला. "आमच्याकडे जादू मोकळ्या हाताने होत नाही. ती शस्त्रातूनच वाहते. आणि दर मंत्राला शस्त्राची धार एकाने उतरते. शून्यावर आली की शस्त्र मोडलं, जादूगार संपला."

"धार परत कशी येते?"

"मुक्कामाला 'धार लावतो' म्हणायचं. नियम दोनच शब्दांचा आहे."

"म्हणजे म्हातारपणीची भातुकली," दाजी म्हणाले.

"तसं म्हणा. पाच जण होतो. दोघे गाव सोडून गेले, एकाला नातवंडांतून सवड होईना. चार वर्षांपूर्वी मास्तर आजारी पडला आणि भाचीने त्याला तिच्या गावी नेलं. तेव्हापासून आम्ही टपालाने खेळतो. माझ्या पत्राच्या शेवटी एकच प्रश्न असतो, 'तू काय करतोस?' आठवड्यात त्याचं कार्ड येतं."

त्यांनी कार्डांचा गठ्ठा पुढे केला. प्रत्येकाच्या कोपऱ्यात नंबर होता.

"अक्षर मास्तरांचंच?"

"चार वर्षं हेच अक्षर. पहिल्या कार्डापासून परवाच्या कार्डापर्यंत. म्हणून तर डोकं चालेनासं झालंय."

मावशीने वही उघडली. आजारपणाआधी मास्तरांनी काजव्याची सगळी माहिती त्यात लिहून ठेवली होती. "इथलं अक्षर तिरकं आहे. कार्डांवरचं सरळ."

"आजारपणाने अक्षर बदलतं हो."

"आणि एकशे बाहत्तरनंतर एकदम एकशे चौऱ्याहत्तर?"

"मधलं टपालात हरवलं. मी मागचा प्रश्न पुन्हा विचारला, तर हे आलं."

"त्यानंतर खेळ बदलला?"

घड्याळजी खाली बघू लागले. "सुधारला. आधी काजवा दिसेल त्याच्यावर मंत्र फेकायचा आणि धार लावायला विसरायचा. नंतर जपून खेळायला लागला. मला वाटलं, मास्तरला शहाणपण आलं. मी तसं त्याला लिहिलंसुद्धा."

मावशीने नंतरची दोन कार्डं मोठ्याने वाचली. "'तलवार कातड्यावर फिरवतो. पाठ पुढे, धार मागे.' आणि हे. 'आज दुसरी तलवार घेतो. कालच्या तलवारीला विसावा.'" तिने कार्ड खाली ठेवलं. "तुम्हाला नक्की काय हवंय?"

"कुणी माझी चेष्टा करत असेल तर ते कळायला हवं. पुढचं पत्र लिहायचं राहिलंय, आणि हात धजत नाही. आठवड्यात मनापासून करावं असं तेवढं एकच काम आहे मला, बाई. बाकी घड्याळं आपापली चालतात."

मावशीने पत्ता उतरवून घेतला. चौदा नंबर, तळमजला.

दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीने तिघेही निघाले. चौदा नंबर सापडला तेव्हा घड्याळजींचे पाय अडले. रस्त्यापलीकडच्या बाकावर बसत ते म्हणाले, "तुम्ही जाऊन या. मी इथेच बरा."

भाचीचं घर तिसऱ्या मजल्यावर निघालं. दाजींनी प्रत्येक मजल्यावर एकेकदा देवाचं नाव घेतलं.

"पत्त्यात तळमजला लिहिलाय ना?" ते धापा टाकत म्हणाले.

"लिहिलाय," मावशी म्हणाली आणि घंटी दाबली.

भाची शाळेत शिकवायची. ती नुकतीच घरी आली होती. पिशवी अजून खांद्यावरच होती. मास्तरांची खोली दाखवताना ती दारातच उभी राहिली.

"मामा पत्रं लिहायचे का?"

"माझ्या देखत कधीच नाही. सातला मी बाहेर पडायची, दुपारी येऊन त्यांना भरवायची, मग शिकवण्या. या खेळाचं त्यांनी एकदा काढलं होतं. मी म्हटलं, मामा, माझ्या डोक्याला आधीच कमी ताप आहे का? पुन्हा नाही काढलं त्यांनी." तिने पिशवी खाली ठेवली. "बस जरा, म्हणायचे. मी बसायला हवं होतं."

भिंतीवर मास्तरांचा शेवटच्या महिन्यातला फोटो होता. माणूस वाळून काडी झाला होता, पण गाल गुळगुळीत होते.

"त्यांच्यासाठी पत्रं यायची?"

"इथे तर एकही नाही आलं."

जिना उतरताना दाजींनी सुस्कारा सोडला. "काय माया बघा. पोरगी स्वतःच्या हाताने भरवायची."

"हो ना," मावशी म्हणाली. "स्वतःच्या हाताने."

तळमजल्यावर दोन दुकानं होती, एक वह्या-पेनांचं आणि एक केशकर्तनालय. दोघांच्या मध्ये जिन्याखाली एकच टपालपेटी.

वह्यावाला बोलका होता. "मास्तरांची कार्डं? माझ्याकडचीच. दर आठवड्याला एक कोरं कार्ड वर जायचं. जो वर जात असेल त्याच्या हाती द्यायचो. ते गेल्यावर बंद झालं. लोकांचे अर्जबिर्जही मीच लिहून देतो. अक्षर बघा माझं!"

किमतीच्या पाट्यांवरचं त्याचं अक्षर सरळ, टपोरं होतं. दाजींनी मावशीला कोपराने ढोसलं. "हाच तो! काखेत कळसा आणि गावाला वळसा."

"दाजी, दाढी वाढलीये तुमची. शेजारी जाऊन करून या."

"आत्ता? इथे चोर सापडलाय आणि मी दाढी करू?"

"करा. आणि डोळे उघडे ठेवा."

अर्ध्या तासाने दाजी चकाकत्या गालांनी बाहेर आले. मावशी बाकावर घड्याळजींच्या शेजारी बसली होती.

"हात हलका आहे, पण माणूस मुका," दाजींनी सांगून टाकलं. "सबंध वेळात दोन वाक्यं बोलला. मान वर करा. आणि वस्तरा उचलून परत ठेवला, तेव्हा म्हणाला, हा कालचा, आज याला विसावा. दुसरा घेतला. सात वस्तरे आहेत त्याच्याकडे, वाराला एक! आता लोखंडाला कसला आलाय विसावा?"

"पट्ट्यावर फिरवला का?"

"चांगला पन्नास वेळा. तोही उलटा. म्हणजे आपण चाकू लावतो ना दगडावर, तसा नाही. पाठ पुढे आणि..."

दाजी तिथेच थांबले. घड्याळजी मात्र उठून उभे राहिले होते.

दुपारी केशकर्तनालयात गिऱ्हाईक नव्हतं. मावशीने भाचीलाही खाली बोलावून घेतलं. केशकर्तनकार साठीचा, बारीक अंगाचा होता. दुकानामागच्या खोलीत एक खाट, एक कपबशी आणि एकच खुर्ची दिसत होती. घड्याळजींना बघून त्याने हातातला टॉवेल घडी केला, उलगडला आणि पुन्हा घडी केला.

"मृत्यूनंतरही अक्षर बदललं नाही, हे कोडं होतं," मावशीने सुरुवात केली. "पण ते कोडं नव्हतंच. मास्तरांचं स्वतःचं अक्षर वहीत आहे, तिरकं. कार्डांवरचं अक्षर पहिल्या दिवसापासून दुसऱ्याचंच आहे. मामांना घास भरवावा लागायचा. ज्या हाताला घास उचलत नाही, तो हात कार्ड काय लिहिणार?"

"उजवा हात पूर्ण गेला होता," भाची हळूच म्हणाली. "मला कुणी विचारलंच नाही."

"म्हणजे मास्तर सांगायचे आणि कुणीतरी लिहून घ्यायचं. घरात खेळाचं नाव काढायची सोय नव्हती, म्हणून पत्ता तळमजल्याचा. दुकानं दोन. पण तिसऱ्या मजल्यावरच्या माणसाचे गाल शेवटपर्यंत गुळगुळीत होते. म्हणजे एक माणूस नेमाने वर जात होता, भाची शाळेत असताना."

"पण मग वह्यावाला का नाही?" दाजींना अजून आशा होती.

"कारण नियमात 'धार लावतो' एवढंच आहे. मास्तर तेही विसरायचे. वह्यावाल्याने 'धार लावतो' लिहून कार्ड टाकलं असतं. पण हा लिहिणारा तलवार पुसतो, कातड्यावर फिरवतो, तीही पाठ पुढे, धार मागे. आणि कालच्या पात्याला विसावा देतो. ज्याचा जन्म वस्तऱ्यावर गेला, त्यालाच हे सुचतं. त्याने काजव्याच्या हातात तलवार दिली, पण ती सांभाळली वस्तऱ्यासारखी."

केशकर्तनकार खुर्चीचा हात धरून उभा होता. "मीच लिहिली," तो म्हणाला. "मास्तर सांगायचे, मी लिहायचो. सव्वातीन वर्षं. ते गेल्यावर तुमचं पत्र आलं. शेवटी होतं, तू काय करतोस? चाळीस वर्षं लोक या खुर्चीत बसून आपापलं सांगतात, साहेब. तू काय करतोस, असं मला कुणी विचारत नाही. मी उत्तर दिलं. मग पुढचं पत्र आलं."

"चेष्टा नव्हती ती," घड्याळजी स्वतःशीच म्हणाले.

"नाही हो. देवाशप्पथ नाही."

"चेष्टा नव्हती," मावशी म्हणाली. "पण चोरी झाली आहे. एकशे त्र्याहत्तर काढा."

केशकर्तनकाराचा चेहरा उतरला.

"ते टपालात हरवलं नाही. पहिल्यापासून दुसरं एकही कार्ड हरवलेलं नाही, आणि हे बरोबर मास्तर गेले त्या आठवड्यातलं. ते लिहिलं गेलं, पण टाकलं गेलं नाही. तुम्ही पुढच्या कार्डाला तोच नंबर देऊ शकला असता. कुणालाच कळलं नसतं."

"तो नंबर त्यांचा होता," तो म्हणाला. त्याने सातव्या वस्तऱ्याची पेटी उचलली. तिच्याखाली कार्ड होतं.

घड्याळजींनी ते उजेडाकडे धरलं. वाचताना त्यांचे ओठ हलत होते.

'काजवा दमला आहे. तो तलवार दगडावर ठेवतो आणि घरी जातो. सूत्रधारा, खेळ झकास झाला. माझी वाट बघत बसू नकोस. माझ्या खुर्चीत दुसरा कुणीतरी बसव. तुझा मास्तर.'

भाचीने डोळ्यांना पदर लावला.

"आठ महिने," घड्याळजी म्हणाले, आणि त्यांचा आवाज फाटला. "माझा दोस्त मला निरोप देऊन गेला आणि तुम्ही तो आठ महिने पेटीखाली ठेवलात. मी त्याला लिहीत राहिलो, वेड्यासारखा. शहाणा झालास म्हणून शाबासकी दिली. तो गेलाय हे मला कळलंसुद्धा नाही."

"हे कार्ड टाकलं असतं तर तुमचं पत्र पुन्हा आलं नसतं," केशकर्तनकार म्हणाला. तो रडत होता आणि ते लपवायची कला त्याला येत नव्हती. "रोज ठरवायचो, उद्या टाकतो. चुकलं माझं. तुम्ही द्याल ती शिक्षा."

मावशीने दाजींना खूण केली. तिचं काम संपलं होतं. पण दाजी हलेनात, आणि खरं सांगायचं तर तिचाही पाय निघत नव्हता.

घड्याळजींनी मास्तरांचं कार्ड खिशात ठेवलं, छातीच्या बाजूला, आणि जाऊन गिऱ्हाइकाच्या खुर्चीत बसले. आरशात दोघांची नजर एक झाली.

"काजवा घरी गेला," ते म्हणाले. "त्याचं नाव आता कुणी घ्यायचं नाही."

"नाही घेणार."

"त्याची तलवार मात्र दगडावर तशीच पडून आहे. आठ महिने उन्हापावसात. धार एकावर आली असेल. तिथून एक माणूस चाललाय. जादू येत नाही त्याला, नावही मला ठाऊक नाही." त्यांनी मान मागे टेकवली. "तुम्ही काय करता?"

केशकर्तनकाराने डोळे बाहीला पुसले. त्याने आजच्या वाराचा वस्तरा उचलला, उजेडात धरून पाहिला आणि पट्ट्यावर फिरवायला घेतला.

"आधी पुसतो," तो म्हणाला. "गंज असेल."

"असं नाही. लिहून पाठवा," घड्याळजींनी डोळे मिटले. "आणि कार्डावर नंबर एक टाका."