तायापस्टॅट

सकाळची धार काढून कोंडाबाई चुलीपुढं टेकली, की खिडकीतली पांढरी डबी बोलायला लागायची. पोह्याच्या डब्याएवढी डबी, पण बोलणं अगदी तालुक्याच्या बाईसारखं स्वच्छ.

"आजी, आज कोणता वार?"

"बुधवार. काल मंगळवार हुता, तवाबी तूच इचारलंस."

"काल संध्याकाळी काय जेवलात?"

"हुलग्याचं माडगं. सुनेनं मिठाला हात आखडलेला."

आत वैजंतानं पातेलं जरा जोरातच खाली ठेवलं. डबीला त्याचं काही नव्हतं. तिनं हिरवा दिवा लावला आणि शेवटचा प्रश्न काढला.

"तुम्ही रोज कोणतं औषध घेता? त्याचं नाव सांगा."

कोंडाबाईनं पदर सारखा केला आणि तोंड भिंतीकडं फिरवलं. "आमच्या मालकांचं."

"उत्तर जुळत नाही. पुन्हा सांगा."

"बिराच्या बापाचं. आता ह्याच्या म्होरं काय सांगू, तुझ्या कानात जाऊन बसू?"

"उत्तर जुळत नाही." डबीनं लाल दिवा लावला आणि हुलग्याच्या दाण्याएवढी गोळी वाटीत टाकली. कोंडाबाईनं ती पाण्याबरोबर गिळली आणि पिठात हात घातला. गेले तीन महिने गारुडवाडीतल्या त्या घरात रोज हेच चाललं होतं.

डबीला हवं होतं ते नाव तायापस्टॅट. आणि कोंडाबाईच्या नवऱ्याचं नाव तायाप्पा. बावन्न वर्षांचा संसार झाला, नवऱ्याला जाऊन सहा वर्षं झाली, पण लग्नातला उखाणा सोडला, तर ते नाव कधी ओठावर आल्याचं तिला आठवत नव्हतं. वैजंता तरी मदतीला यावी, तर तिचे ते मामंजी. पन्नाशी उलटली तरी सासऱ्याचं नाव घेताना तिचीही दातखिळी बसायची. नाव घेऊ शकणारा एकटा मुलगा, बिरा. तो मेंढरं घेऊन घाटाखाली उतरलेला, आणि डबी कोंडाबाईच्या आवाजाशिवाय दुसऱ्या कुणाचं ऐकत नव्हती.

पाच महिन्यांपूर्वी हीच कोंडाबाई सुनेला विचारायची, "तू कुणाची गं? घरला जा, आई वाट बघत आसंल." नवऱ्याच्या वेळची, कधीच विकून टाकलेली मेंढरं हाकायला भर उन्हात माळावर जायची. भाकरी पुढं ठेवली तर तिचं काय करायचं, हे हाताला उमगायचं नाही. पंचक्रोशीत जिच्या जिभेला बाप्ये बिचकत, ती बाई पोतेरं हातात घेऊन दिवसभर एकाच जागी उभी राहायची.

दुखणं तसं समजायला सोपं होतं. मेंदूतल्या पेशी एकमेकींना धरून असतात, आणि त्या धरण्यातच माणसाची आठवण राहते. शरीरात हजारो तऱ्हेची विकरं असतात, जोडणारी, तोडणारी, डोळ्याला न दिसणारी कामकरी. त्यातलं एक विकर मेंदूतले नको असलेले धागे कातरायचं काम करतं. म्हातारपणी काहींच्या डोक्यात ते चेकाळतं आणि हवे-नको सगळेच धागे कापत सुटतं. पुढं, ती भानावर आल्यावर, डॉक्टरनं हे सांगितलं तेव्हा कोंडाबाईला फार समजवावं लागलं नाही. लोकर कातरताना कातरीच्या पात्यांत चिकट लोकरीचा बोळा अडकला, की कातर मिटत नाही. ही गोळी म्हणजे तो बोळा. विकराच्या जबड्यात जाऊन बसते आणि त्याला मिटू देत नाही. राहिलेले धागे वाचतात, आणि जिथं तुटलेत तिथं नवे फुटायला लागतात.

तो बोळा सापडला होता तायाप्पामुळं. पंधरा वर्षांपूर्वी विद्यापीठाची माणसं माळावर मेंढरांचं रक्त घेत हिंडत होती. तायाप्पानं त्यांना सहज सांगितलं, की ज्या म्हाताऱ्या मेंढ्या वरच्या कड्याचे दगड चाटतात, त्या पाण्याची वाट मरेपर्यंत चुकत नाहीत, बाकीच्या चुकतात. त्या दगडांवर पिवळी खपली धरायची. खपलीतून रेणू निघाला, रेणूपासून औषध झालं.

आता औषधाला नाव हवं. अशा औषधांच्या नावाला एक शेपूट असतं, जगभर सारखंच. 'स्टॅट' म्हणजे थांबवणारं, कुठल्या तरी विकराला जागच्या जागी थोपवून धरणारं. डॉक्टरनं चिठ्ठीवर शेपूट वाचलं की औषधाची जात कळते. शेपटाच्या पुढं काय लावायचं, ते शोधणाऱ्यांच्या हाती. त्यांनी मेंढपाळाचा मान राखायचा ठरवला. बिरानं अभिमानानं सही केली. त्याच्या आईला कुणी विचारलं नाही. विचारलं असतं तरी त्या दिवसांत ती काय सांगणार होती.

गोळी सुरू झाली आणि दीड महिन्यात आठवणी परतायला लागल्या. दिवस मावळताना मेंढरं वाघरीच्या जाळीत यावीत तशा, आधी दोन-चार, मग मागून लोंढा. एका सकाळी तिनं वैजंताला नावानं हाक मारली आणि वैजंता जात्यावरच रडत बसली. दुसऱ्या दिवशी सासूनं तिच्या रडण्यावरून तिला टोमणा मारला, तेव्हा मात्र वैजंताची खात्री पटली, की म्हातारी खरंच परत आली. आता कोंडाबाईला लग्नातल्या नवसाच्या बोकडाचा रंगही आठवत होता. दुष्काळात कुठल्या विहिरीनं किती दिवस पाणी दिलं ते आठवत होतं. नवऱ्याचा चेहरा, पटका बांधताना ओठात धरलेलं टोक, शेवटच्या दुखण्यात त्यानं मागितलेला दहीभात, सगळं जसंच्या तसं. दगड चाटणाऱ्या मेंढीच्या जिभेवरचं काहीतरी माणसाच्या डोक्यात जातं आणि गेलेला माणूस उभा करून दाखवतं, या गोष्टीचं तिला अजून नवल वाटायचं. गोळी घेण्याआधी ती तिला बोटानं हळूच शिवायची, देवाला शिवावं तशी.

त्या बुधवारी दुपारी डॉक्टर मेहजबीन मुलाणी आली. पुण्यात वाढलेली, तिशीतली पोरगी, जिल्ह्यातल्या तायापस्टॅटच्या सगळ्या रुग्णांची जबाबदारी तिच्यावर. ओसरीवर बसली, पाणी प्याली, पण पेला खाली ठेवेना.

"आजी, मला डबी परत न्यायला सांगितलंय."

"का? बिघडली व्हय? रोज तेच तेच इचारती, बिघडलीच आसंल."

"डबी चांगली आहे. तुमचे गुण घसरलेत." तिनं पाटीसारख्या पडद्यावर एक रेघ दाखवली. सुरुवातीला उंच चालणारी रेघ मध्येच कड्यावरून पडल्यासारखी खाली आली होती. "औषधाचं नाव हा मुख्य प्रश्न आहे. नवा, अवघड शब्द ध्यानात राहिला तर मेंदू सुधारतोय असं धरतात. पुढचं अर्धं नाव आलं तरी पूर्ण गुण, कारण शेपूट सगळ्यांचं सारखंच. तुम्हाला पहिल्या महिन्यात ते येत होतं, आता येत नाही. ज्यांचं असं होतं त्यांच्यावर औषध उलटतंय, असा नियम आहे. थांबवावंच लागतं."

"आन् थांबवल्यावं?"

मेहजबीननं पडदा बाजूला ठेवला. "आठेक दिवसांत विकर पुन्हा कापायला लागेल. आणि एकदा सोडलेली गोळी दुसऱ्यांदा लागू पडत नाही. विकराचा जबडा बदलतो, गोळी त्यात बसत नाही."

वैजंता दाराच्या चौकटीला धरून उभी होती, ती तिथंच खाली बसली.

कोंडाबाई मात्र ताठ होती. "मला काय इचारायचं ते इचार. डबीला न्हाई, तुला सांगते."

मेहजबीननं विचारलं. विचारता विचारता तिची लेखणी थांबली. कोंडाबाईनं चाळीस मेंढ्यांच्या खुणा सांगितल्या, कानाच्या फाटीसकट. घाटाखाली जाताना लागणारे सतरा मुक्काम ओळीनं सांगितले. मागच्या खेपेला मेहजबीनच्या ओढणीचा रंग कोणता होता तेही सांगितलं, आणि तो तिला शोभत नव्हता हेही.

"इतकं सगळं आठवतं," मेहजबीन म्हणाली, "मग हे एक नाव का नाही आठवत?"

"आठवत न्हाई आसं कोन म्हनलं?"

"मग सांगत का नाही?"

कोंडाबाईनं तोंड भिंतीकडं फिरवलं. शेवटी वैजंताच पदरात तोंड घालून बोलली. "डॉक्टर, मलाबी येत न्हाई ते. मामंजींचं नाव हाय त्यात."

मेहजबीनला उमगायला क्षणभर लागला. मग तिच्या चेहऱ्यावर हसूही आलं आणि सुटल्यासारखंही वाटलं. "एवढंच? आजी, फक्त एकदा म्हणा. मी नोंद करते, गोळी चालू राहील. लग्नात उखाण्यात घेतलं असेल ना? तसंच घ्या."

"उखाणा लग्नात आन् हळदीकुंकवाला. मालक गेल्यावं उखाणा घ्यायला मी काय नाटकातली बाई हाय?"

"पण आता ते नाहीत. नाव घेतल्यानं त्यांचं काय कमी होणार आहे?"

"तुझा बाप गेलाय, मागं तूच म्हनलीस न्हवं? मग आता त्याला अरेतुरे करतीस का?"

मेहजबीननं वैजंताकडं पाहिलं.

"आत्या, घ्या की वो एकदा," वैजंता काकुळतीला आली. "तुमी पुन्ना तशा झालासा तर मी काय करू? मला इसरलासा तर?"

कोंडाबाईनं सुनेकडं पाहिलं. तिचे ओठ उघडले. आतून काहीतरी वर आलं आणि दातांशी येऊन थांबलं. तिनं ओठ मिटले. "न्हाई येत," ती म्हणाली, आणि पहिल्यांदाच तिचा आवाज बारीक झाला. "मी घेत न्हाई आसं न्हाई गं. येतच न्हाई."

मेहजबीन पडद्यावरच्या रेघेकडं बघत राहिली. मग एकदम म्हणाली, "पण पहिल्या महिन्यात येत होतं. पूर्ण गुण आहेत तुम्हाला. तेव्हा कसं घेतलंत?"

"मी? कवाच न्हाई."

डबी सगळं जपून ठेवायची. मेहजबीननं चौथ्या दिवसाचा आवाज शोधून लावला.

आधी डबीचा प्रश्न ऐकू आला. मग एका म्हातारीचा आवाज आला, सैल, लाडिक, उन्हात सोडलेल्या पोरासारखा. "तायाप्पा. अय तायाप्पा. ये की रं. ऊन झालं, ये की. भाकरी काढलीया तुला." आणि मग ती म्हातारी हसली.

वैजंतानं तोंडावर हात धरला. कोंडाबाई हललीसुद्धा नाही.

मेहजबीन पुढचे दिवस लावत गेली. दहावा, विसावा, तिसावा, रोज तीच हाक. एकेचाळिसाव्या दिवशी डबीनं विचारलं, आवाज म्हणाला, "ताया", आणि तुटला. दोन श्वास जातील एवढी शांतता. त्यानंतर, अगदी हळू, "अगं बाई." त्या दिवसापासून रेघ खाली होती.

मेहजबीननं ती शांतता पुन्हा लावली. मेंदूची हजारो चित्रं तिनं पाहिली होती, नवे धागे फुटताना रंगीत ठिपक्यांत पाहिले होते. पण आठवण माघारी येते ते नेमकं पाऊल तिनं कधी ऐकलं नव्हतं. बावन्न वर्षांची रीत, त्या दोन श्वासांच्या शांततेत, एका बाईच्या जिभेवर येऊन बसली होती. आणि यंत्रानं तिथंच शून्य मांडलं होतं.

अंगणात जाऊन ती फोनवर बराच वेळ बोलली, एकदा आवाज चढवूनही बोलली. परत आली ती मोकळ्या चेहऱ्यानं. "झालं. तुमच्यासाठी प्रश्न बदलला. उद्यापासून डबी मेंढ्यांच्या खुणा विचारेल. गोळी चालू."

वैजंता उठून चहाचं आधण ठेवायला गेली, नाक ओढत, हसत. पण कोंडाबाईला जणू ते ऐकूच गेलं नव्हतं.

"पयलं परत लाव," ती म्हणाली.

मेहजबीननं लावलं. *अय तायाप्पा. ये की रं.* कोंडाबाईनं डोळे मिटून ऐकलं. संपल्यावर पुन्हा लावायला लावलं.

"ही बाई कोन?"

"आजी, तुम्हीच."

"मी न्हवं. मला ह्यातलं कायबी आठवत न्हाई." ती थांबली. "बावन्न वरसात मी त्यांना आशी हाक एकदाबी मारली न्हाई. मनातसुदीक न्हाई. 'अवं' म्हनायचं, न्हाईतर बांगड्या वाजवायच्या. हिला बघ. हिला घर ठावं न्हाई, सून ठावी न्हाई, आन् ते उनातनं हिच्या भाकरीला येत्यात."

"ते दुखणं होतं, आजी. ती बाई दुखण्यातली होती."

"आसंल." कोंडाबाईनं डबीवर तळवा ठेवला. आतला आवाज कधीच थांबला होता, तरी तिनं हात काढला नाही. "आता ती कुठं गेली?"

मेहजबीननं पडद्यावरची रेघ मागं सरकवत चौथ्या दिवसापाशी आणली.

"मला परत आनायचं तुमी समद्यांनी मिळून ठरवलंसा. लई मोठं काम केलंसा, मी न्हाई म्हनत न्हाई." कोंडाबाईनं मान वर करून तिच्याकडं पाहिलं. "पर गोळी द्यायच्या आदी, ह्या बाईला कुनी इचारलं हुतं का?"